पंचवीस मजल्यांवरचं बारसं

आमच्या घरात देवांच्या तसबिरींच्या रांगेत एक इमारत टांगलेली होती. आधी खंडोबा, मग देवी, मग गणपती, आणि गणपतीच्या उजव्या हाताला मुंबईच्या समुद्राकाठची ती पंचवीस मजली इमारत. कुठल्याशा कॅलेंडरचं पान कापून बाबांनी ते खिळ्याला लावलं होतं. आई संध्याकाळी उदबत्ती ओवाळायची तेव्हा तिचा हात इमारतीवरूनही फिरायचा. एकदा शेजारच्या काकूंनी देवांना कुंकू लावता लावता इमारतीलाही बोट टेकवलं. मी फिसकन हसले, तर त्या मलाच म्हणाल्या, "हसतेस काय गो? तुज्या बापाला भाकरी कोन देतं?" ते कुंकू सहाव्या-सातव्या मजल्याच्या मधे कितीतरी वर्षं तसंच होतं.

बाबा त्या इमारतीत पंपवाले होते. भातसाचं धरण बांधलं जात होतं तेव्हा पायाच्या खड्ड्यांत साचलेलं पाणी उपसायला डिझेल इंजिनं असत. बाबा तिथं मजूर म्हणून लागले आणि नुसता आवाज ऐकून इंजिनाचं काय दुखतंय ते सांगायला शिकले. भातसानगरच्या कॉलनीतल्या एका साहेबांनी त्यांना चिठ्ठी दिली. शहापूरच्या बाजारातल्या माडीपेक्षा उंच काही न पाहिलेला माणूस त्या चिठ्ठीवर मुंबईला गेला आणि पंचवीस मजल्यांना पाणी पाजायला लागला. तळघरात पंप, तळघराच्याही खाली जमिनीतली टाकी, आणि गच्चीवर मोठी टाकी. खालचं पाणी वर चढवायचं, एवढंच काम. पण ते चुकलं तर पंचवीस मजल्यांवरची माणसं अंगाला साबण लावून उभी राहायची, हे बाबा दर सुट्टीत निदान एकदा सांगायचे.

तेव्हा मुंबईत असल्या इमारती बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. टॅक्सीवाले पाहुण्यांना मुद्दाम त्या रस्त्यानं न्यायचे. रविवारी माणसं बायकामुलांना घेऊन समोरच्या कठड्याशी उभी राहायची आणि माना मागे टाकून मजले मोजायची. आमच्या वस्तीतला कुणी मुंबईला गेला की कामाच्या आधी तिकडं जाऊन यायचा. "सख्याची बिल्डिंग बघून आलो," असं परत येऊन सांगायचा. सखाराम हे बाबांचं नाव. मोजणी मात्र कुणाची कुणाशी जुळायची नाही. धसईचे मामा छातीठोकपणे चोवीस सांगायचे, बाबा पंचवीस सांगायचे, आणि त्यावरून एका दिवाळीत दोघांनी जेवणं अर्धी टाकून भांडण केलं होतं. दोघंही खरं बोलत होते, हे मला पुढं कळलं.

बाबांना त्या इमारतीचा अभिमान होता आणि तिची थोडी चीडही होती. एकदा ओटीवर बसलेल्या मंडळींना ते म्हणाले, "ती उभी हाय ना, तिथं पयले दर्या होता. तिकडं दर्या बुजवून जमीन केली, आपल्याकडं जमीन बुडवून दर्या केला. फिटंफाट." सगळे हसले. आई आत भाकऱ्या थापत होती. तिचा हात थांबला, ते मी पाहिलं.

आमचं जुनं गाव धरणात गेलं होतं. त्याचं नाव मी इथं लिहीत नाही. ज्यांना माहीत आहे त्यांना लागत नाही आणि इतरांना ते सापडायचं नाही. आम्हाला शेणव्याच्या बाजूला जागा मिळाली होती. कुडाची एक खोली, मंगलोरी कौलांची पडवी आणि मागं शेवग्याचं झाड. मी सकाळी उठायचे ती आईच्या जात्याच्या आवाजानं. तांदळाची भाकरी, सुकटीचा ठेचा, श्रावणात करटोल्यांची भाजी आणि थंडीत वालाचं बिरडं. बाबा पंधरा दिवसांनी यायचे तेव्हा आई बिरड्यात खोबरं जास्त घालायची आणि मुद्दाम माझ्या ताटात आधी वाढायची, म्हणजे नवऱ्यासाठी केलं असं दिसू नये. बाबा घरात असले तरी साडेपाचला उठून बसायचे. पंप लावायची वेळ त्यांच्या अंगात भिनली होती.

जुन्या गावात मला एक बहीण झाली होती. मी पाच वर्षांची असेन. तिचं डोकं मऊ होतं आणि तिच्या अंगाला ओव्याची धुरी दिल्यासारखा वास यायचा, एवढंच मला आठवतं. ती नवव्या दिवशी गेली. बारसं बाराव्या दिवशी असतं, त्यामुळे तिला नाव मिळालं नाही. घरात तिला बाळी म्हणत तेवढंच. दात न आलेलं मूल आमच्यात जाळत नाहीत, पुरतात. घरामागच्या भोकराच्या झाडाखाली तिला ठेवलं आणि वर तीन दगड मांडले. आई त्या दगडांवर दूध घालायला जायची. रडली मात्र नाही. बायका म्हणायच्या, रड गो, मोकळी हो. ती मान हलवायची आणि कामाला लागायची. मग दोन-तीन वर्षांत गाव हललं आणि पाणी आलं. त्यानंतर आई धरणाच्या काठाशी जाऊन, भोकर असावं त्या अंदाजानं पाण्यातच दूध सोडायला लागली.

वैशाखात पाणी खाली जायचं. एका वर्षी ते इतकं उतरलं की आमच्या घराचं जोतं उघडं पडलं. आई मला घेऊन गेली. गुडघ्याएवढ्या चिखलातून आम्ही जोत्यापर्यंत पोचलो. उखळ जागेवर होतं, चुलीचा काळा दगडही होता. भोकराचं खोड होतं. खाली तीन दगड नव्हते. आईनं हातानं गाळ उपसायला सुरुवात केली. ती कोपरापर्यंत उपसत गेली, मग मीही उपसायला लागले, आणि ऊन डोक्यावर आलं तरी आम्हाला एक शिंपला सोडून काही सापडलं नाही. घरी येताना ती एवढंच म्हणाली, "पान्यानं नेली तिला."

यानंतर जे झालं त्याला बाबांचं तोंड कारण आहे, असं मी कित्येक वर्षं मानत होते. त्या पावसाळ्यात ते सुट्टीवर आले असताना जेवता जेवता गंमत म्हणून म्हणाले, "आपल्या भातसाचंच पानी मी वर चडवतो. काय आवाज करतं गो ते! सकाळी बटन दाबलं का पयले पायपात कुरकुरतं. तान्हं बाळ कसं झोपेतून उठताना कुरकुरतं, अगदी तसं. मग गप होतं आन् वर जातं." पायपात हवा अडकते, ती बाहेर पडताना आवाज होतो, हेही त्यांनी पुढं सांगितलं. पण ते सांगेपर्यंत आईच्या हातातला घास ताटात परत गेला होता. त्यांना कळलंच नाही. ते पुढं सांगत राहिले की वारा सुटला की ती इमारत हलते, माणसांना कळत नाही पण टाकीतलं पाणी हलतं, या भिंतीकडून त्या भिंतीकडं, त्या भिंतीकडून या भिंतीकडं. "पाळना जसा," ते म्हणाले, आणि त्यांनी ताक मागितलं.

मी पुढं शाळेत भूगोल शिकवला. मुंबईचं पाणी कितीतरी तलावांतून येतं आणि वाटेत एकमेकांत मिसळतं, हे फळ्यावर खडूनं बाण काढून शिकवलं. कुठल्या धरणाचं पाणी कुठल्या नळाला जातं ते पाण्यालाच ठाऊक. पण आईला कुणी भूगोल शिकवला नव्हता, आणि शिकवला असता तरी तिनं तो मानला नसता. तिचा हिशोब सरळ होता. बाळीला पाण्यानं नेलं, पाणी मुंबईला गेलं आणि मुंबईत तिचा बाप तिला रोज सकाळी वर चढवतो. नाव नसलेलं पोर आहे, त्याला हाक तरी काय मारणार? म्हणून ते कुरकुरतं.

भात झोडून झालं तशी तिनं बाबांना निरोप धाडला, "शकूला बिल्डिंग बघायची हाय." मी काही म्हटलं नव्हतं. बाबा हरखले. बायको आपणहून येते म्हणते, हे त्यांच्या बाबतीत पहिल्यांदाच घडत होतं. निघायच्या दिवशी आईनं पहाटे हरभऱ्याच्या घुगऱ्या शिजवल्या, त्यात खोबऱ्याचे तुकडे घातले आणि फडक्यात बांधल्या. गाईचं दूध कडीच्या डब्यात घेतलं. घुगऱ्या बारशाला वाटतात हे मला माहीत होतं, पण आपण कुणाच्या बारशाला चाललोय हे विचारायचं सुचलं नाही. तेरा वर्षांची होते. मला लिफ्टमध्ये बसायचं होतं. प्रवासाचं काही लिहीत नाही, तो सगळ्यांनी लिहिलेला आहे.

इमारत जवळून दिसतच नाही, हे मला त्या दिवशी कळलं. कॅलेंडरात ती पूर्ण दिसायची. पायथ्याशी उभं राहिलं की फक्त भिंत दिसते, वर जाऊन आभाळात मिसळलेली. बाबा दाराशीच उभे होते, धुतलेला शर्ट घालून. त्यांनी आम्हाला मागच्या बाजूनं तळघरात नेलं. पंपांची खोली गरम होती आणि स्वच्छ होती. पायपांवर बाबांचे कपडे वाळत होते, कोपऱ्यात स्टो आणि वळकटी. त्यांनी आम्हाला दोन्ही पंप दाखवले, घड्याळासारखे काटे दाखवले, कुठल्या पंपाला सर्दी होते तेही सांगितलं. मी ऐकत होते. आई वर जाणाऱ्या जाड पायपाशी गेली आणि ताप बघावा तसा तिनं त्याच्यावर तळहात ठेवला.

"लावा ना पंप," ती म्हणाली.

"आता नाय. टाकी भरलेली हाय. दोन वाजता लावीन."

"मग वर जाऊन येतो आमी. शकूला दर्या बघायचाय."

मला असं काही वाटत नव्हतं, पण मी मान डोलावली. गच्चीची किल्ली तिथंच खिळ्याला होती. बाबांनी ती काढून तिच्या हातात दिली. त्यांनी स्वतःच्या हातानं दिली, हे मी त्यांना नंतर अनेकदा मनातल्या मनात सुनावलं आहे.

नोकरांची लिफ्ट वेगळी होती. तिच्यात दारावर आकडे पेटायचे. आई ते मोठ्यानं वाचत होती. चौथीपर्यंत शिकलेली होती ती. दहा, अकरा, बारा, चौदा. "एक चुकला," ती म्हणाली. बाबांनी सोबत दिलेला वॉचमन हसून म्हणाला, "तेरा नाय ठेवला मावशी. साहेब लोक भितात त्या आकड्याला." आईनं त्याला विचारलं, "मंग तिथं कोन ऱ्हातं?" तो पुढं हसला नाही. मामांचे चोवीस आणि बाबांचे पंचवीस कुठून आले ते मला तिथं कळलं, पण त्यावर हसायला मलाही जमलं नाही.

गच्चीवर वाऱ्यानं डोळे उघडवेनात. तिन्ही बाजूंना पाणी आणि मागं पसरलेलं शहर. मुंबईतली सगळ्यात उंच जागा म्हणून लोक जिच्याकडं बोट दाखवायचे तिच्या डोक्यावर आम्ही दोघी मायलेकी उभ्या होतो, आणि आईनं एकदाही खाली बघितलं नाही. "आपलं घर कुटल्या अंगाला?" एवढंच तिनं विचारलं. मी धुरकट दिसणाऱ्या दिशेला हात केला. वॉचमन बिडी ओढायला जिन्यात गेला होता. टाकी म्हणजे सिमेंटची एक मोठी खोलीच होती, चौथऱ्यावर बांधलेली, बाजूला लोखंडी शिडी. आईनं पदर खोचला आणि ती चढली. मग मला वर ओढून घेतलं.

लोखंडी झाकण उचलल्यावर आतून गारवा आला आणि शेवाळाचा वास. आत काळोख होता. डोळे सरावले तसं पाणी दिसलं. ते खरंच हलत होतं, अगदी हळू, या भिंतीकडून त्या भिंतीकडं. आई कितीतरी वेळ वाकून बघत राहिली. मग तिनं गाठोडं सोडलं. हळद, कुंकू, घुगऱ्या, दुधाचा डबा. झाकणाच्या कडेला तिनं हळदीकुंकवाची बोटं ओढली आणि माझ्याकडं वळली.

"नाव आत्यानं ठेवायचं असतं. पन तुज्या आत्याला आनली असती तर ती गावभर करील. तू मोठी भैन हायस, तूच सांग कानात."

"कुणाच्या?"

"बाळीच्या. मंजुळा सांग. मी तवाच ठरवलं होतं, पोटात होती तवा."

आता लिहिताना मला त्या मुलीची कीव येते, आणि तिच्या आईची त्याहून जास्त. पण तेव्हा मला भीती वाटली नाही. आई सांगते ते करायचं, एवढंच माहीत होतं. मी पोटावर पालथी झाले, तोंड त्या काळोखात घातलं आणि बारशाला बायका म्हणतात तसं म्हटलं, "कुर्रर्र... मंजुळा." पलीकडच्या टोकाकडून नाव परत आलं. उशिरानं आलं आणि माझ्या आवाजापेक्षा बारीक. आई माझ्या शेजारून दूध सोडत होती, पांढरी धार खाली जाऊन काळ्या पाण्यात पसरत होती. त्याच वेळी खाली तळघरात दोन वाजले असावेत. टाकीत उतरलेल्या पायपाच्या तोंडातून कुरकुर सुरू झाली.

हवा असते ती. मला माहीत आहे. पण मी किंचाळले. सगळी गच्ची दणाणेल अशी किंचाळले, आणि वॉचमन धावत आला तेव्हा त्यानं काय पाहिलं? आपणच वर आणलेली बाई टाकीचं झाकण उघडून पांढरं काहीतरी आत ओततेय. मी ओरडले नसते तर पुढचं काहीच घडलं नसतं. हे ओझं मी कुणावर ढकलू शकत नाही.

दहा मिनिटांत इमारतीचे सेक्रेटरी वर आले, पायांत घरातल्या चपला, मागं दोन बायका आणि एक म्हातारे गृहस्थ. "क्या डाला? बोलो, पानी में क्या डाला?" आई म्हणाली, "दूद." त्यांना ते पटेना. दूध कोण कशाला ओतेल? बाबा जिन्यानं धावत आले, कारण लिफ्ट वर अडकवून ठेवली होती. पंचवीस मजले चढून आलेल्या माणसाला बोलता येत नव्हतं. त्यांनी आईकडं पाहिलं, फडक्यातल्या घुगऱ्या पाहिल्या, झाकणावरचं हळदीकुंकू पाहिलं. त्यांना काही समजावून सांगावं लागलं नाही.

सेक्रेटरी दुष्ट नव्हते, हे मी आज कबूल करते. "सखाराम, इधर बच्चे रहते हैं," ते म्हणाले. सगळी टाकी रिकामी करायची, धुवायची आणि आताच करायची. नाहीतर पोलीस, आणि नोकरीचं नाव काढायचं नाही. बाबा टाकीच्या मागं निघाले, जिथं पाणी सोडायच्या व्हॉल्वची चाकं होती. आई त्यांच्या आडवी आली. आयुष्यात पहिल्यांदा तिनं चारचौघांत त्यांचा हात धरला.

"नका सोडू. अवो, आत्ताच नाव ठेवलंय तिचं."

"सर बाजूला."

"पाया पडते. दर्यात जाईल ती. तिथं कुटं शोधू मी?"

बाबांनी तिचा हात सोडवला आणि ते टाकीच्या मागं दिसेनासे झाले. चाक फिरल्याचा कर्रकर्र आवाज आला. टाकीच्या बुडातल्या पायपातून पाणी उसळून गच्चीवर आलं, पन्हाळीतून वाहत कोपऱ्यातल्या भोकाकडं गेलं आणि तिथून पंचवीस मजले खाली पडायला लागलं. आई त्या पाण्याबरोबर धावत गेली. भोकाशी बसली, दोन्ही हात पाण्यात आडवे घातले, आणि पाणी हातांवरून उड्या मारत जात राहिलं. "मंजुळे," ती ओरडली. "मंजुळे गो!" आणि मग ती रडली. आठ वर्षं साठलेलं सगळं रडली. त्या दोन बायकांपैकी एक तोंडाला पदर लावून खाली निघून गेली. ऊन कलेपर्यंत पाणी वाहत होतं, आणि तोपर्यंत आई तिथंच बसून होती. सेक्रेटरी नळ सुरू झाल्याचं सांगायला पुन्हा वर आले, तेव्हा त्यांनी तिला बघून खालून चहा मागवला. तिनं तो प्यायला नाही.

परतीच्या वाटेवर आई माझ्या खांद्यावर डोकं ठेवून झोपली. त्यानंतर ती बदलली. जेवायला लागली, रात्रीची सलग झोपायला लागली, बायकांबरोबर लग्नांना जाऊन हळदीची गाणी म्हणायला लागली. धरणाच्या काठाला ती पुन्हा गेली नाही. कुणी विषय काढला तर म्हणायची, "दर्यात गेली ती. दर्या मोठा हाय." तिनं बाबांना टाकून बोलल्याचं मी कधी ऐकलं नाही. बोलायचं काम मी केलं, तेही न बोलता. बाबा घरी आले की मी पाण्याचा तांब्या त्यांच्यासमोर ठेवून आत निघून जायचे. ज्या हातांनी त्यांनी ते चाक फिरवलं त्या हातांच्या कमाईवर मी शिकले, मास्तरीण झाले, आणि तरी त्या हातांकडं मला बघवायचं नाही. नोकरीसाठी त्यांनी आमच्या मंजुळेला समुद्रात सोडलं, असं मी तीसेक वर्षं मनात धरून बसले होते.

आता आमच्याकडं महामार्गाच्या कडेनं टॉवरांच्या मोठमोठ्या पाट्या लागल्या आहेत. पोहण्याच्या तलावाची चित्रं असतात त्यांच्यावर, आणि त्याच पाटीखाली वैशाखात बायका हंडे घेऊन टँकरची वाट बघतात. मुंबईत तर बाबांची इमारत आता शोधावी लागते. तिच्या दुप्पट-तिप्पट उंचीच्या इमारतींच्या मधे ती अंग चोरून उभी आहे. तिच्यासमोर आता कुणी गाडी थांबवत नाही, कुणी मजले मोजत नाही. पाडून तिच्या जागी साठ मजल्यांची बांधणार, अशी बातमी एकदा पेपरात आली. आई जाऊन तीन वर्षं झाली होती. बाबा माझ्याकडं शहापूरला राहत होते, ऐंशीच्या घरात होते. दुपारी जेवणानंतर मी त्यांना ती बातमी वाचून दाखवली. खरं सांगायचं तर थोडं त्यांना लागावं म्हणूनच वाचली.

"टाकी पन पाडतील?" त्यांनी विचारलं.

"इमारत पाडल्यावर टाकी हवेत ठेवतील काय?"

मी पेपर ठेवून मोरीशी भांडी घासायला बसले. मग ते म्हणाले, "त्या टाकीला आत मधी भिंत होती गो, शकू. भायेरून एक दिसायची. एक बाजू पिन्याच्या पान्याची, दुसरी आगीच्या पान्याची. आग लागली तर लागंल म्हनून भरून ठेवायची. व्हॉल्व पन दोन."

मला आधी कळलंच नाही.

"मी आगीची सोडली व्हती," ते म्हणाले. "दूद पडलं त्या बाजूला मी हात नाय लावला. घटकाभर मजल्यांचे नळ बंद ठेवले, धुतल्यासारखं केलं, मग सोडलं. दुधानं काय मरतंय कोन? आगीची बाजू मी मंग चार-पाच दिवसांत थोडी थोडी भरली, कोनाला कळू न देता. त्या चार दिवसांत काय पेटलं असतं तर मला फासावरच दिलं असतं."

मी भांडं घासता घासता उठून आले होते, हाताला राख तशीच. तीस वर्षांचा राग एकदम कुठं ठेवायचा ते समजेना, म्हणून मी त्यांच्यावरच ओरडले. "मग आईला का नाय सांगितलंत? ती मरेपर्यंत समजत होती की तुमी पोरीला दर्यात सोडलंत. एकदा तरी सांगायचं!"

"सांगनार व्हतो. त्याच पंधरवड्यात आलो व्हतो सांगायला. दार उघडलं तर तुजी आई झोपली व्हती. दिवसाढवळ्या, तोंड उघडं टाकून. बाळी गेल्यापास्नं मी तिला तशी झोपलेली बघितली नव्हती." त्यांनी धोतराचा सोगा डोळ्यांना लावला. "सांगितलं असतं तर परत उठून बसली असती ना गो. परत कुरकुर ऐकत बसली असती. ती समजली पोर दर्यात गेली, सुटली. मंग मी कशाला सांगू का अजून माज्याकडंच हाय?"

"आणि तुमाला? तुमाला झोप लागायची?"

बाबा हसल्यासारखं करून म्हणाले, "मला तर साडेपाचला पंप लावायचाच असायचा. रिटायर होईस्तवर लावला. बटन दाबायच्या आधी पायपावर हात ठेवायचो आन् म्हनायचो, चल गो मंजुळे, वर जाऊ."